पोस्ट प्रोसेसर तपासल्याशिवाय सायकल स्टार्ट दाबू नका : निवड आणि चाचणी, टप्प्याटप्प्याने

कॅमच्या, म्हणजे टूलचा मार्ग आखणाऱ्या सॉफ्टवेअरच्या, स्क्रीनवर जॉब छान कापला जातो, कोड निघतो, पेनड्राइव्ह मशीनला लागतो आणि पहिल्याच टूलला होल्डर वाइसवर आपटतो. जळगाव एमआयडीसी असो, धुळ्याची अवधान असो की भुसावळकडचं एखादं छोटं शेड, मशीन ठोकल्याच्या बातम्या कानावर येतच असतात. ठिबकच्या फिटिंगचे मोल्ड, डाळमिलचे गिअर, चटईच्या मशीनचे सुटे भाग अशी कामं करणारी आपल्याकडची बरीच वर्कशॉप सेकंडहँड व्हीएमसी (उभ्या स्पिंडलची संगणकी मिलिंग मशीन) घेतात आणि तिच्यावर नवं कॅम सॉफ्टवेअर चालवतात. पोस्टची, म्हणजे कॅमचा टूलपाथ मशीनच्या कोडमध्ये बदलणाऱ्या पोस्ट प्रोसेसरची, गडबड नेमकी या जोडणीत होते.

एक गोष्ट आधी पक्की करा. कॅमचं नेहमीचं सिम्युलेशन टूलपाथ दाखवतं, मशीनला जाणारा कोड दाखवत नाही. कोड त्यानंतर तयार होतो आणि तो पोस्ट तयार करते. त्यामुळे सिम्युलेशनमध्ये सगळं व्यवस्थित दिसलं तरी पोस्ट बरोबर आहे हे त्यातून कळत नाही. पोस्टची तपासणी वेगळी करावी लागते आणि तिचा क्रम मोडता येत नाही: आधी कागदावर, मग संगणकावर, मग हवेत, मग मऊ मटेरियलमध्ये आणि सगळ्यात शेवटी जॉबवर.

पुढची उदाहरणं मुख्यतः फॅनुक कंट्रोलच्या तीन अक्षी व्हीएमसीची आहेत. टर्निंग आणि चौथ्या अक्षाचं शेवटी वेगळं लिहिलं आहे.

टप्पा १ : मशीनची माहिती लिहून काढा

पोस्ट शोधायच्या आधी मशीनजवळ वही घेऊन उभं राहा. सगळ्यात जास्त चुका इथेच होतात. दारावर फॅनुक लिहिलेलं दिसलं की लोक फॅनुकची पोस्ट उतरवून मोकळे होतात. कंट्रोल फॅनुकचा असला तरी मशीन बांधणाऱ्या कंपनीने टूल चेंजर, कूलंट, क्लॅम्प, चिप कन्व्हेयर यांचे एम-कोड (चालू-बंद करायच्या आज्ञा) आपल्या सोयीने ठेवलेले असतात. म्हणून एकाच कंट्रोलच्या दोन मशीनना एकच पोस्ट चालेल असं गृहीत धरू नका.

वहीत एवढं तरी हवंच:

- मशीनचा मेक, मॉडेल आणि कंट्रोलचं पूर्ण नाव. नुसतं ‘०आय’ पुरत नाही. एमसी, एमडी, एमएफ यातलं शेपूट महत्त्वाचं.
- टूल चेंजर आर्मचा की छत्रीचा. आर्मवाल्याला पुढचं टूल आधी बोलावता येतं. छत्रीवाल्याला सहसा टी (टूलचा क्रमांक) आणि एम६ (टूल बदल) एकत्रच द्यावे लागतात.
- स्पिंडलचा कमाल आरपीएम आणि तिन्ही अक्षांची चाल.
- मशीन बांधणाऱ्याच्या मॅन्युअलमधली एम-कोडची यादी. मॅन्युअल हरवलं असेल तर कंपनीच्या सर्व्हिसवाल्याकडून मागवा. अंदाजाने एम-कोड चालवून बघू नका.
- ऑफसेटचं पान कसं दिसतं: लांबी आणि त्रिज्येचे रकाने वेगळे आहेत की एकच आकडा आहे.
- प्रोग्राम जातो कशाने: कार्ड, यूएसबी की आरएस-२३२. मेमरी किती.

यासोबत याच मशीनवर पूर्वी नीट चाललेला, दोन-तीन टूलचा एखादा जुना प्रोग्राम मिळवा. सुरुवात कशी, टूल बदल कसा, शेवट कसा, हे मशीनला मानवलेलं रूप त्यात जसंच्या तसं असतं. पुढे नव्या पोस्टचा कोड याच्याशीच ताडून बघायचा आहे.

थांबा : पॅरामीटर, ऑफसेट आणि सगळ्या प्रोग्रामचा बॅकअप आधी घ्या. सेकंडहँड मशीन असेल तर हे काम उद्यावर टाकू नका.

टप्पा २ : पोस्ट कुठून घ्यायची

पहिली पसंती तुमच्या नेमक्या मशीन-मॉडेलसाठी कॅमच्या विक्रेत्याने किंवा मशीन कंपनीने दिलेल्या पोस्टला. ती नसेल तर सॉफ्टवेअरच्या अधिकृत लायब्ररीतली, तुमच्या कंट्रोलची साधी पोस्ट घ्या आणि तिच्यात थोडे बदल करून घ्या. फ्यूजनची पोस्ट डॉट सीपीएस फाईल असते आणि ती जावास्क्रिप्टमध्ये लिहिलेली असते, उघडून वाचता येते. मास्टरकॅमची डॉट पीएसटी. सॉलिडकॅमला जीपीपी आणि व्हीएमआयडी अशा दोन फाईल लागतात; एकच उचलून आणली तर कोड निघतच नाही किंवा भलताच निघतो.

मित्राच्या पेनड्राइव्हवरची ‘चालणारी’ पोस्ट हा माझ्या मते सगळ्यात वाईट पर्याय. ती त्याच्या मशीनवर चालते. तिच्यात कोणी, कधी, काय बदललं याची नोंद नसते, आणि नको तिथला एक बदल सहा महिन्यांनी एखाद्या वेगळ्याच ऑपरेशनमध्ये डोकं वर काढतो. चौथा अक्ष किंवा मिल-टर्न असेल तर पैसे मोजून पोस्ट बनवून घ्या. एका स्पिंडल दुरुस्तीच्या मानाने तो खर्च कमीच पडतो.

फ्यूजनचं मोफत वैयक्तिक लायसन्स वापरणाऱ्यांसाठी एक सूचना. त्यात रॅपिड चाली फीडनेच निघतात आणि एका फाईलमध्ये एकापेक्षा जास्त टूल येत नाहीत. पुष्कळ जण याला पोस्टचा दोष समजून पोस्टच फाडत बसतात. ती लायसन्सची मर्यादा आहे, आणि ते लायसन्स धंद्याच्या कामासाठी नाहीच.

टप्पा ३ : प्रत बनवा, मग सेटिंग बदला

मूळ पोस्टला हात लावू नका. प्रत काढा आणि नावात मशीन, कंट्रोल आणि तारीख घाला. ‘फायनल’, ‘फायनल२’, ‘नवीन फायनल’ अशी नावं असलेल्या फोल्डरमधून चुकीची फाईल उचलली जाणार हे ठरलेलंच.

कोडमध्ये शिरण्याआधी पोस्टची सेटिंग बघा. माघारी जायची पद्धत, पुढचं टूल आधी बोलावणं, ओळींचे क्रमांक, कमानी आय-जे ने (केंद्र देऊन) की आर ने (त्रिज्या देऊन), अशा बऱ्याच गोष्टी नुसत्या पर्यायाने बदलतात. एका वेळी एकच बदल करा, कोड काढा, आधीच्या कोडशी ताडा. पाच बदल एकदम केले की बिघडवणारा कोणता ते सापडत नाही.

टप्पा ४ : चाचणीचा जॉब काढा

ग्राहकाच्या जॉबवर पोस्ट तपासू नका. त्यासाठी एक वेगळा छोटा भाग कॅममध्ये काढून ठेवा. १०० × १०० × ४० मिमीचा ठोकळा पुरतो. त्यात हे असू द्या:

वरून फेसिंग. गोल कोपऱ्यांचं पॉकेट, त्यात हेलिकल उतार. ३० मिमीचं बोअर, पूर्ण वर्तुळाच्या फिनिशिंग पाससह. चार ड्रिल, त्यातली दोन पेकिंगने. एम८ चे दोन टॅप. बाहेरच्या कडेला जी४१ ने (टूलच्या त्रिज्येचं कॉम्पेन्सेशन लावून) फिनिशिंग. आणि एका, फक्त एकाच कोपऱ्याला १० मिमीचा तिरका काप. हा काप विसरू नका. चारही बाजूंनी सारखा भाग असेल तर एक्स-वायची अदलाबदल किंवा आरसा झालेला डोळ्याला दिसतच नाही.

किमान तीन टूल वापरा. पोस्टच्या बहुतेक चुका टूल बदलाच्या आसपास लपलेल्या असतात.

टप्पा ५ : कोड कागदावर वाचा

प्रिंट काढा. शेजारी तो जुना चाललेला प्रोग्राम ठेवा, हातात पेन घ्या. याला अर्धा दिवस गेला तरी चालेल, पण वाचल्याशिवाय पुढे जाऊ नका.

*सुरुवात.* पहिल्या काही ओळींत जी२१, जी१७, जी४०, जी४९, जी८०, जी९० दिसले पाहिजेत. आदल्या प्रोग्रामने चालू ठेवलेली सायकल किंवा कॉम्पेन्सेशन इथे रद्द होतं. ओ-क्रमांक ९००० च्या पुढचा देऊ नका. ती जागा बऱ्याच मशीनवर कुलूपबंद असते.

*माघार.* हा सगळ्यात धोक्याचा भाग. ‘जी९० जी२८ झेड०.’ अशी ओळ दिसली तर तिथेच थांबा. जी२८ घरी जाण्याआधी दिलेल्या मधल्या बिंदूवर जातो. जी९० (शून्यापासूनचे थेट आकडे) चालू असताना तो मधला बिंदू म्हणजे जॉबचं झेड शून्य, म्हणजे टूल वर जाण्याआधी रॅपिडने जॉबच्या पृष्ठभागापर्यंत खाली येणार. जी९१ मात्र आहे त्या जागेपासूनचं अंतर धरतो, म्हणून हवी ती ओळ ‘जी९१ जी२८ झेड०.’ आणि तिच्यानंतर लगेच जी९०. किंवा मशीनचे आकडे तपासून ‘जी९० जी५३ जी० झेड०.’. माघारीत झेड आधी आणि एक्स-वाय नंतर, हा क्रम प्रत्येक ठिकाणी पेनाने खूण करून बघा.

*टूलची लांबी.* प्रत्येक एम६ नंतर झेडची पहिली चाल जी४३ (लांबीचा ऑफसेट लावणारा कोड) आणि एच (त्या ऑफसेटचा क्रमांक) सकटच आली पाहिजे. टी३ ला एच३ आहे ना? पोस्टने एच१ च छापत राहिल्याचे प्रकार होतात.

*दशांश बिंदू.* फॅनुकच्या नेहमीच्या सेटिंगमध्ये ‘एक्स१०’ म्हणजे १० मिमी नव्हे, ०.०१० मिमी. पॅरामीटर ३४०१ चा पहिला बिट (बिट ०) बदललेला असेल तर तेच १० मिमी धरलं जातं. पोस्टने प्रत्येक आकड्याला बिंदू दिलेला असला की हा प्रश्नच उरत नाही. ड्रिलिंग सायकलमधल्या आर आणि क्यूचे आकडेही बघा.

*कमानी.* पूर्ण वर्तुळ आर ने लिहिता येत नाही. सुरुवात आणि शेवट एकच बिंदू असल्याने मशीन हलतच नाही आणि बोअरचा फिनिशिंग पास गुपचूप गळतो. त्यामुळे पूर्ण वर्तुळाला आय-जे च हवेत. फॅनुकवर आय-जे कमानीच्या सुरुवातीपासून मोजतात. काही राउटर कंट्रोलमध्ये, उदाहरणार्थ माक३ मध्ये, ते केंद्राचे थेट आकडेही असू शकतात. ही सेटिंग जुळली नाही तर कमान भलतीकडेच जाते.

*टॅपिंग.* हिशोब हाताने करा. एम८ चा पिच १.२५, आरपीएम ४००, तर मिनिटाचं फीड ५००. फीड मिनिटाने दिलेलं असेल तर कोडमध्ये एफ५००. नसेल तर पोस्ट पिच आणि फीडची गल्लत करते आहे. रिजिड टॅपिंगला (स्पिंडल आणि झेड जोडीने चालवून होणाऱ्या) तुमच्या मशीनला आधी एम२९ लागतो का, हे जुन्या प्रोग्राममध्ये बघा.

*कॉम्पेन्सेशन.* कॅमने टूलची त्रिज्या आधीच धरली असेल आणि ऑफसेटच्या पानावरही पूर्ण त्रिज्या भरलेली असेल, तर ती दोनदा लागते आणि माप त्रिज्येएवढं चुकतं. कॅममध्ये वेअर पद्धत निवडली असेल तर पानावर फक्त झीज भरायची. आणि ज्या जुन्या कंट्रोलवर लांबी-त्रिज्येचा रकाना एकच आहे तिथे एच१ सोबत डी१ (त्रिज्येच्या ऑफसेटचा क्रमांक) आला तर टूलची लांबीच त्रिज्या म्हणून वाचली जाईल. अशा मशीनला डी चा क्रमांक वेगळा, समजा डी२१, असा पोस्टमधून बांधून घ्या.

*टूलमागून टूल.* प्रत्येक टूलच्या सुरुवातीला जी९०, जी५४ (जॉबच्या शून्याची जागा), आरपीएम, एम३ (स्पिंडल सुरू), जी४३ हे सगळं नव्याने लिहिलेलं हवं. आपल्याकडे उन्हाळ्यात लाईट जाते आणि अर्धा जॉब मशीनवर राहतो. तिसऱ्या टूलपासून पुन्हा सुरू करायचं झालं तर तो भाग स्वतःच्या पायावर उभा राहिला पाहिजे. पोस्ट ‘आधीच दिलं आहे’ म्हणून या ओळी गाळत असेल तर तो पर्याय बंद करा.

तपासा : एकही ओळ अशी उरली का, जिचा अर्थ तुम्हाला सांगता येत नाही? उरली असेल तर मशीनकडे जाऊ नका. मॅन्युअल उघडा.

टप्पा ६ : निघालेला कोड संगणकावर फिरवा

आता तो कोड कॅमबाहेरच्या, जी-कोड वाचून रेषा काढणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये उघडा. सिमको एडिटसारखं कोणतंही चालेल. बघायचं ते एवढंच: तिरका काप योग्य कोपऱ्यात आहे का, कमानी उलट्या झाल्या का, एखादी रॅपिड रेषा ठोकळ्याच्या पोटातून जाते का.

इथेही फसगत होऊ शकते. स्क्रीनवर रॅपिडची रेषा सरळ दिसते. मशीनवर पॅरामीटर १४०१ च्या सेटिंगनुसार प्रत्येक अक्ष आपापल्या वेगाने धावत असेल, तर जवळचा अक्ष आधी पोचतो आणि वाट मोडकी होते. ती वाट क्लॅम्पवरून जाऊ शकते. त्यामुळे क्लिअरन्सची उंची सगळ्यात उंच क्लॅम्पच्या बोल्टच्याही वर ठेवा.

टप्पा ७ : हवेत फिरवा

टेबलावरून जॉब काढा. शक्य असेल तर वाइसही. वर्क ऑफसेटच्या (जी५४ च्या) पानावर सगळ्यात वर ००, म्हणजे ईएक्सटीची ओळ असते. तिथे झेडमध्ये +१०० भरा. सगळा प्रोग्राम १०० मिमी वर उचलला जातो. मात्र दोन गोष्टी ध्यानात ठेवा. जी५३ ने दिलेल्या चाली मशीनच्या आकड्यांत असतात, त्यांना ही उचल लागू होत नाही. आणि वरच्या बाजूला चाल कमी असेल तर ओव्हरट्रॅव्हल येईल. तेव्हा ५० भरा.

क्रम असा ठेवा:

१. सिंगल ब्लॉक (एका वेळी एकच ओळ) चालू, रॅपिड ओव्हरराइड सगळ्यात कमी, फीड ओव्हरराइड शून्यावर.
२. स्क्रीनवर ‘उरलेलं अंतर’ दाखवणारं पान उघडा.
३. सायकल स्टार्ट दाबा, फीड हळूहळू उघडा. झेड खाली येत असताना फीड होल्ड दाबा आणि बघा: उरलेलं अंतर आणि डोळ्यांना दिसणारं अंतर जुळतं का? स्क्रीन ८० म्हणते आणि टेबल ४० वर आहे, तर लगेच थांबा.
४. प्रत्येक टूल बदलाला पुन्हा हेच.
५. पूर्ण प्रोग्राम एकदा असा झाला की सिंगल ब्लॉक काढून पुन्हा पूर्ण फिरवा. नुसतं पहिलं टूल बघून ‘झालं’ म्हणू नका.
६. मधूनच, दुसऱ्या टूलपासून सुरू करून बघा. लाईट गेल्यावर हेच करावं लागणार आहे.

नव्या पोराला मशीनवर उभं करताना एवढं सांगून ठेवा: “भो, बोट फीड होल्डवर ठेव. सायकल स्टार्टचं काम झालं.”

सावधान : मशीन लॉक लावून प्रोग्राम फिरवला की स्क्रीनवरचे आकडे पुढे जातात आणि मशीन जागीच राहतं. लॉक काढल्यावर होम केल्याशिवाय एकही चाल देऊ नका. तसंच ड्राय रन म्हणजे हळू चालणं नव्हे. त्यात कापण्याचं फीड बाजूला पडतं आणि जॉगच्या नॉबवरचा वेग लागतो, जो बराच जास्त असू शकतो. जॉब बांधलेला असताना ड्राय रन लावू नका.

टप्पा ८ : मऊ मटेरियल, मग धातू

ईएक्सटीमधले १०० काढा. काढले हे दुसऱ्या माणसाकडून बघून घ्या, मग पुढे.

पहिला कट एचडीपीईच्या ठोकळ्यात घ्या. पाइप आणि ठिबकच्या कारखान्यांमुळे जळगावात प्लास्टिकचा तुकडा मिळायला अडचण नसते. पीव्हीसी मात्र टाळा. तापलं तर त्यातून हायड्रोजन क्लोराइडचा धूर निघतो, तो छातीलाही वाईट आणि मशीनच्या स्लाइडलाही. एचडीपीईत आकार, जागा, खोली आणि दिशा बघायची. मिमीचा शंभरावा भाग मोजत बसू नका, कारण उष्णतेने ते पोलादाच्या साधारण दहापट फुगतं.

त्यानंतर ॲल्युमिनिअम, आणि आता मायक्रोमीटर, बोअर गेज काढा. बोअर, कडेचं माप, पॉकेटची खोली, टॅपला गेज. मापं लिहून ठेवा.

चूक निघाली तर ती पोस्टची आहे का, हे कसं ओळखायचं? पोस्टची चूक सहसा मोठी आणि ठरावीक असते: त्रिज्येएवढी, दुप्पट, निम्मी, आरशातली किंवा भलत्याच जागी. १०-२० मायक्रॉनचा फरक पोस्ट करत नाही. मे महिन्यात भुसावळ-जळगावचा पारा ४५ अंशांकडे जातो. सकाळी कापलेला आणि दुपारी मोजलेला १०० मिमीचा पोलादी भाग १० अंशांच्या फरकाने सुमारे १२ मायक्रॉन वाढतो, ॲल्युमिनिअमचा त्याच्या जवळपास दुप्पट. अशा फरकापायी पोस्टमध्ये हात घातला तर चांगली पोस्ट बिघडेल.

टर्निंग आणि चौथा अक्ष

टर्निंगच्या पोस्टमध्ये सगळ्यात आधी जी५० एस (आरपीएमची मर्यादा) शोधा, सीमेन्सवर लिम्स. जी९६ मध्ये (कापण्याचा पृष्ठभागावरचा वेग कायम ठेवणाऱ्या कोडमध्ये) एक्स शून्याकडे जाताना आरपीएम वाढत जातो. मर्यादा दिलेली नसेल तर तो मशीनच्या कमाल आकड्यापर्यंत चढतो, आणि मोठा, वेडावाकडा जॉब चकमधून उडू शकतो. ही ओळ जी९६ च्या आधीच हवी. दुसरं, फीड. बऱ्याच फॅनुक टर्निंगवर जी९९ म्हणजे फेऱ्यामागे, जी९८ म्हणजे मिनिटाला. मिलिंगमध्ये हेच कोड ड्रिलिंग सायकलच्या परतीच्या उंचीसाठी असतात. जी९९ चालू असताना एफ२०० आला तर टूल एका फेऱ्यात २०० मिमी पळायला बघेल. एक्सचे आकडे व्यासाचे आहेत हेही एका मोजलेल्या व्यासाशी ताडून बघा.

चौथ्या अक्षात टूल न लावता आधी फक्त ए (फिरणारा अक्ष) ९० अंश फिरवा आणि दिशा कॅमशी जुळते का ते बघा. मग ३५० वरून १० अंशांवर जायला सांगा: मशीन २० अंश पुढे जातं की ३४० अंश मागे? क्लॅम्प सोडणं आणि लावणं यांचे एम-कोड फिरण्याच्या आधी आणि नंतर आले आहेत ना? क्लॅम्प लागलेला असताना मोटर ओढत राहिली तर सर्व्हो अलार्म येतो, तोही नशीब चांगलं असेल तर.

सीमेन्सवर जी४३-एच नसतो, टूलची लांबी डी१ ने लागते, आणि ड्रिलिंगला एमकॉल सायकल८१, सायकल८३ अशा ओळी येतात. फॅनुकच्या कोडमध्ये हाताने दोन-चार अक्षरं बदलून तो सीमेन्सवर चालवायचा प्रयत्न करू नका, पोस्टच बदला.

टप्पा ९ : पोस्ट पक्की करा

सगळं जुळलं की त्या फाईलला फक्त वाचण्यापुरती परवानगी ठेवा. पोस्टच्या वरच्या कॉमेंटमध्ये मशीनचं नाव, तारीख आणि केलेले बदल लिहा. प्रत्येक प्रोग्रामच्या पहिल्या काही ओळींत पोस्टचं नाव, टूलची यादी आणि सगळ्यात खोल झेड छापून येऊ द्या. सेटरला टूल लावताना तेवढ्यावरून खूप कळतं. बाकीच्या संगणकांवरच्या जुन्या प्रती काढून टाका.

मशीनवर ऑपरेटर रोज एकच ओळ हाताने दुरुस्त करत असेल, तर ती दुरुस्ती पोस्टमध्ये गेली पाहिजे. रात्रपाळीला दुसरा माणूस येतो, त्याला ती ओळ माहीत नसते. म्हणून मशीनजवळ एक वही ठेवा: तारीख, प्रोग्राम, कोणती ओळ, का बदलली. आठवड्यातून एकदा ती वही प्रोग्रामरच्या टेबलावर जाऊ द्या.

कॅमची आवृत्ती बदलली, कंट्रोलची बॅटरी संपून पॅरामीटर नव्याने भरले, टूल चेंजरचं काम झालं किंवा पोस्टमध्ये एक अक्षर जरी बदललं, तर चाचणीचा ठोकळा पुन्हा काढा. नव्या कोडची जुन्या, पास झालेल्या कोडशी ओळीने ओळ तुलना करा. बदल अपेक्षित जागीच दिसला तर हवेतली एक फेरी पुरेल. इतर कुठेही फरक दिसला तर टप्पा ५ पासून पुन्हा.